‘कर्नल ब्लिम्प’ची क्रायटेरियन ब्लू-रे: डिस्क लाखमोलाची, पण लेखक कुठाय?

‘द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिम्प’ हा १९४३ चा ब्रिटिश सिनेमा क्रायटेरियन या जुने-नावाजलेले सिनेमे डिस्कवर काढणाऱ्या अमेरिकन कंपनीने ब्लू-रेवर काढलेला आहे. पटकथा लिहून पोट भरणाऱ्या प्रत्येकाने तो विकत घ्यावा, असं माझं स्पष्ट मत आहे. चित्र देखणं, आवाज स्वच्छ, सोबतची पुस्तिका नीट वाचण्यासारखी. पाचपैकी साडेचार तारे मी डोळे झाकून देईन. उरलेला अर्धा का कापला ते सविस्तर सांगते, कारण ती गोष्ट मला लागलेली आहे: ज्याच्या डोक्यातून हा सिनेमा निघाला त्या लेखक इमेरिक प्रेसबर्गरला या डिस्कवर जवळजवळ जागाच नाही.

मी मराठी मालिकांची पटकथा आणि संवाद लिहिते. राहायला गोरेगावला. सकाळी वन लाइन, म्हणजे एपिसोडची थोडक्यात गोष्ट पाठवायची, दुपारी चॅनलचे बदल घ्यायचे, रात्री सीन पाठवायचे, आणि सेटवर कुणीतरी ‘हे वाक्य जमत नाहीये’ म्हणून फोन करतं तोवर पुढच्या एपिसोडचा ट्रॅक डोक्यात घोळत असतो. या धबडग्यात जुना सिनेमा बघते तो लेखक म्हणून शिकायला. प्रेसबर्गरकडून मी जितकं शिकले तितकं कुठल्याही कार्यशाळेत शिकले नाही.

आधी व्यवहाराचं बोलू. क्रायटेरियनच्या अमेरिकन ब्लू-रे रीजन ‘ए’च्या असतात आणि आपण येतो रीजन ‘सी’मध्ये. म्हणजे इथल्या दुकानातून घेतलेल्या साध्या प्लेअरवर ही डिस्क चालणार नाही. रीजन-फ्री प्लेअर घ्या, किंवा असलेल्या प्लेअरचं रीजन लॉक काढता येतं का ते आधी दुकानदाराकडून पक्कं करून घ्या. छापील किंमत ३९.९५ डॉलर आहे. अमेरिकेत बार्न्स अँड नोबलमध्ये जुलै आणि नोव्हेंबरच्या सुमारास क्रायटेरियनवर अर्ध्या किमतीचा सेल लागतो, हे वर्षानुवर्षं चालत आलंय. माझा भाऊ न्यू जर्सीला असतो. सेलमध्ये घेऊन ठेवतो आणि गणपतीला येताना बॅगेत घालून आणतो. ज्यांचं कुणी तिकडे असेल त्यांनी हाच मार्ग धरावा. इंग्रजी सबटायटल्स आहेत आणि ती जरूर लावा, कारण नायकाचं काम करणारा रॉजर लिव्हसी घोगऱ्या आवाजात वाक्याचा शेवट गिळून बोलतो.

गोष्ट अशी. क्लाइव्ह कँडी हा ब्रिटिश लष्करातला अधिकारी. १९०२ मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धातून व्हिक्टोरिया क्रॉस मिळवून आलेला उमदा तरुण, आणि दुसऱ्या महायुद्धातल्या लंडनमध्ये होमगार्डमधला टकला, पोट सुटलेला, मोठ्या मिशांचा म्हातारा. सिनेमा सुरू होतो म्हाताऱ्यापासून. सरावाची लढाई मध्यरात्री सुरू व्हायची ठरलेली असते, पण एक तरुण लेफ्टनंट संध्याकाळीच टर्किश बाथमध्ये घुसतो आणि टॉवेल गुंडाळून पडलेल्या या जनरलला कैद करतो. समोरचा शत्रू नियम पाळत नाही, मग आम्ही कुणाच्या घड्याळाकडे बघायचं, हा त्या पोराचा मुद्दा. म्हातारा खवळतो, त्याच्या अंगावर जातो, दोघं हौदात पडतात. कॅमेरा पाण्याच्या कडेने सरकत सरकत दुसऱ्या टोकाला जातो आणि तिथे पाण्यातून वर येतो तो चाळीस वर्षांपूर्वीचा कँडी. ना डिझॉल्व, ना पाटी. फ्लॅशबॅक आला की आम्ही कडा धूसर करतो, रंग उडवतो, वर एक आलाप टाकतो. इथे एका हौदाची लांबी म्हणजे चाळीस वर्षं. आणि आता आपल्याला त्या म्हाताऱ्यावर हसण्याची सोय राहत नाही. हा असा का झाला हे पुढचे अडीच तास बघायचंच आहे, हे लेखकाने आपल्याकडून कबूल करून घेतलेलं असतं.

तरुण कँडी बर्लिनला जातो. तिथे शिकवणीचं काम करणाऱ्या एडिथ हंटर या इंग्रज बाईने पत्र लिहिलेलं असतं की दक्षिण आफ्रिकेतल्या इंग्रजांबद्दल इथे वाटेल ते पसरवलं जातंय. कँडी कॅफेत भांडण उकरून काढतो, जर्मन सैन्याचा अपमान करतो, आणि प्रकरण द्वंद्वयुद्धावर येतं. जर्मन अधिकाऱ्यांमधून चिठ्ठीने ज्याचं नाव निघतं तो थिओ क्रेट्श्मार-शुल्डॉर्फ. त्याला कँडीचं तोंडही माहीत नाही. पुढची कित्येक मिनिटं सिनेमा फक्त तयारी दाखवतो. नियमांचं पुस्तक, बाह्या वर करणं, तलवारी, कोण कुठे उभं राहणार. सगळं इतक्या शिस्तीत की आपण खुर्चीच्या कडेला येतो. तलवारी भिडतात आणि कॅमेरा वर निघून जातो. छतापलीकडे बर्फ पडतंय, खाली रस्त्यावर गाडीत एडिथ वाट बघत बसलीय. लढाई आपल्याला दिसतच नाही. आमच्याकडे असा सीन लिहून पाठवला तर चॅनलच्या क्रिएटिव्ह टीमचा पहिला प्रश्न येईल, हाय पॉइंट कुठाय? पण कोण जिंकलं हे या गोष्टीला नकोच आहे. दोघं जखमी होऊन एकाच शुश्रूषागृहात पडतात आणि आयुष्यभराचे मित्र होतात, तिथे गोष्ट आहे. थिओ एडिथशी लग्न करतो. आपलंही तिच्यावर प्रेम होतं हे कँडीला कळतं तोवर उशीर झालेला असतो. पुढे तो आयुष्यभर तिचाच चेहरा शोधत राहतो, म्हणून एडिथ, मग कँडीची बायको बार्बरा, मग म्हातारपणी त्याची गाडी चालवणारी जॉनी, या तिन्ही भूमिका विशीतल्या डेबोरा करने केल्यात. ही युक्ती कागदावर गिमिक वाटते. पडद्यावर मात्र गळ्याशी येते.

चित्राबद्दल लिहायलाच हवं, कारण पैसे त्याचेच आहेत. टेक्निकलर या त्या काळच्या रंगीत चित्रीकरणाच्या तंत्रात एकाच दृश्याच्या तीन वेगळ्या निगेटिव्ह असतात, एकेका रंगाच्या हिशेबाच्या. सत्तर वर्षांत या तिन्ही वेगवेगळ्या प्रमाणात आकसल्या, बुरशी धरली, आणि एकमेकींवर नीट बसेनाशा झाल्या, त्यामुळे माणसांच्या कडेने रंगाच्या रेघा दिसायच्या. अमेरिकेतल्या अकॅडमी फिल्म अर्काइव्हने ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट, आयटीव्ही आणि अमेरिकन दिग्दर्शक मार्टिन स्कोर्सेसीच्या फिल्म फाउंडेशनबरोबर तिन्ही निगेटिव्ह स्कॅन करून पुन्हा जुळवल्या. डिस्कवर आधीचं आणि नंतरचं चित्र शेजारी ठेवून दाखवणारा भाग आहे, तो स्वतः स्कोर्सेसी समजावून सांगतो. टर्किश बाथमधली ओली लाल कातडी, बर्लिनच्या कॅफेतले गणवेश, कँडीच्या घरातल्या भिंतीवर वर्षामागून वर्षं वाढत जाणारी शिकारीची मुंडकी, हे सगळं आत्ता रंगवल्यासारखं दिसतं. मी हा सिनेमा आधी कुठल्याशा फिकट कॉपीवर पाहिला होता. त्यात बार्बरा कँडीला पहिल्यांदा दिसते तो पहिल्या महायुद्धातला सीन निव्वळ राखाडी होता. इथे त्याच अंधारात नर्सेसचे चेहरे मेणबत्तीच्या उजेडासारखे उमटतात.

आता लेखकाकडे येते.

इम्रे योझेफ प्रेसबर्गर ५ डिसेंबर १९०२ रोजी हंगेरीतल्या मिश्कोल्त्स इथे ज्यू कुटुंबात जन्मला. वडील एका मोठ्या जमीनदारीचे कारभारी. मुलगा गणितात आणि संगीतात हुशार. तेमेशवारला वसतिगृहात राहून शिकला, मग प्राग आणि स्टुटगार्टला इंजिनीअरिंग शिकायला गेला. वडील वारले आणि शिक्षण सुटलं. विशीच्या मध्यावर तो बर्लिनला आला तो खिसा रिकामा घेऊन. काही काळ डोक्यावर छप्परही नव्हतं. जर्मन ही त्याची मातृभाषा नाही, तरी त्याच भाषेत कथा लिहून तो तिथल्या मासिकांना आणि मग उफा या सर्वात मोठ्या जर्मन चित्रपट कंपनीला पाठवत राहिला. १९३० मध्ये रॉबर्ट सिओडमाकच्या ‘आबशीड’ची पटकथा त्याने इर्मा फॉन कुबेबरोबर लिहिली. एका बोर्डिंग हाउसमधल्या भाडेकरूंची ती गोष्ट आहे. नाव इम्रेचं एमेरिश झालं, कामं मिळू लागली, बस्तान बसलं.

१९३३ मध्ये हिटलर आला आणि उफाने ज्यूंना काढून टाकलं. प्रेसबर्गरने बर्लिन सोडलं तेव्हा घराची किल्ली दारालाच लावून ठेवली, म्हणजे नाझींच्या टोळीला दार फोडायचे कष्ट नकोत. हा प्रसंग त्याच्याबद्दल लिहिणारे सगळेच सांगतात. मला त्यात त्याची सगळी लेखणी दिसते. राग आहे, भीती आहे, पण कृती अगदी सभ्य, आणि त्या सभ्यपणातच समोरच्याला लागलेली चपराक. पॅरिसमध्ये दोन वर्षं फ्रेंच सिनेमात काम करून १९३५ मध्ये तो लंडनला पोचला. देश नाही, इंग्रजी जेमतेम. तेहतिसाव्या वर्षी तिसऱ्या की चौथ्या भाषेत पुन्हा श्रीगणेशा.

लंडनला त्याला हात दिला तो दुसऱ्या एका हंगेरियनाने, निर्माता अलेक्झांडर कोर्डाने. कोर्डाकडेच १९३८ मध्ये ‘द स्पाय इन ब्लॅक’च्या बैठकीत त्याची दिग्दर्शक मायकेल पॉवेलशी गाठ पडली. मूळ कादंबरीची पटकथा काही केल्या बसत नव्हती. प्रेसबर्गरने खिशातून कागदाची एक छोटी गुंडाळी काढली, उलगडली, आणि सगळी गोष्ट उलटीपालटी करून सांगितली. पॉवेल हे वर्णन नंतर आयुष्यभर आनंदाने करायचा. हा माणूस आपल्याला सोडायचा नाही, हे त्याने तिथेच ठरवलं. पुढे दोघांनी ‘द आर्चर्स’ ही कंपनी काढली आणि पडद्यावर श्रेय एकत्र घेतलं: लेखन, निर्मिती, दिग्दर्शन, मायकेल पॉवेल आणि इमेरिक प्रेसबर्गर. फ्लोअरवर पॉवेल असायचा. गोष्ट, पटकथेचा पहिला खर्डा, निर्मितीची बरीचशी कामं, संकलन आणि संगीताकडे लक्ष, हे प्रेसबर्गरकडे. लेखकाचं नाव दिग्दर्शकाच्या बरोबरीने, त्याच ओळीत. आजही हे भाग्य आमच्यात कुणाच्या वाट्याला येतं?

१९४१ च्या ‘फॉर्टी-नाइन्थ पॅरलल’ची कथा त्याचीच. कॅनडाच्या किनाऱ्यावर अडकलेले जर्मन पाणबुडीतले नाझी, एकेक करून कमी होत, अमेरिकेच्या सीमेकडे पळतात. अमेरिका अजून युद्धात उतरलेली नव्हती, आणि तिला उतरवावं हा हेतू उघड होता. या कथेला ऑस्कर मिळालं. त्याच वर्षी याच सिनेमाच्या पटकथेला आणि ‘वन ऑफ अवर एअरक्राफ्ट इज मिसिंग’लाही त्याच्या नावावर लेखनाची नामांकनं होती. इंग्लंडमध्ये येऊन सात-आठच वर्षं झालेल्या माणसाची ही कमाई.

‘ब्लिम्प’चं बीजही तिथलंच. ‘एअरक्राफ्ट’मधला एक प्रसंग संकलनात कापला गेला. त्यात एक म्हातारा तरुणाला सांगतो की तू कसा आहेस ते मला माहीत आहे, मी तसाच होतो, पण म्हातारपण काय असतं ते तुला माहीत नाही. संकलक होता डेव्हिड लीन. तो म्हणाला, यावर एक स्वतंत्र सिनेमा होईल. नाव डेव्हिड लोच्या व्यंगचित्रातल्या फुगीर कर्नलचं घेतलं, पण माणूस प्रेसबर्गरने घडवला.

हा सिनेमा होऊ नये म्हणून चर्चिलने जंग जंग पछाडलं. सप्टेंबर १९४२ मध्ये त्याने माहितीमंत्र्याला चिठ्ठी पाठवली की हा मूर्खपणा पुढे जाण्याआधी थांबवायचे उपाय सुचवा. लॉरेन्स ऑलिव्हिएला नौदलाच्या हवाई दलातून सोडायला सरकारने नकार दिला, म्हणून रॉजर लिव्हसीला भूमिका मिळाली. त्याच्याशिवाय दुसऱ्या कुणाला मी कँडी म्हणून डोळ्यांपुढे आणूच शकत नाही. खुद्द लेखक कागदोपत्री परका होता. पोलिसांच्या परवानगीशिवाय कुठे जायची सोय नव्हती आणि रात्री घराबाहेर राहायला बंदी. अशा माणसाने, ऐन युद्धात, इंग्रजी सिनेमात एक चांगला जर्मन लिहिला, आणि सिनेमातलं सगळ्यात शहाणं बोलणं त्याच्या तोंडी दिलं.

ते बोलणं म्हणजे १९३९ मधला परदेशी नागरिकांच्या चौकशीचा सीन. आपल्याकडे पटकथा शिकणाऱ्यांनी हा एक सीन पाठ करावा. म्हातारा थिओ, काम अँटोन वॉलब्रुकचं, एका अधिकाऱ्यासमोर बसलाय. तुम्ही खरं सांगताय का, एवढाच प्रश्न आहे. थिओ म्हणतो, मी खोटं बोललो नाही, पण सत्यही सांगितलेलं नाही, निर्वासिताला या दोन्हीतलं अंतर लवकर कळतं. मग कॅमेरा हळूहळू त्याच्याजवळ जात राहतो आणि तो सलग बोलत राहतो. युद्धानंतरची गरिबी. सज्जनांनी गुंडांना तुरुंगात टाकायचं सोडून गुंडांनीच सज्जनांना टाकलं तो काळ. इंग्रज बायको परत जायला आसुसलेली होती, पण देश अडचणीत असताना सोडायचा कसा म्हणून तो थांबला, तीही थांबली. मुलं नाझी झाली. बायको वारली तेव्हा एकही मुलगा अंत्ययात्रेला आला नाही. वॉलब्रुक आवाज चढवत नाही, डोळे पुसत नाही. पार्श्वसंगीत नाही.

आणि लेखकाचं कसब पुढे आहे. थिओ सांगतो, कामासाठी बर्लिनला गेलो असताना रस्ता चुकलो, आणि समोर एक तळं आणि ते शुश्रूषागृह आलं, जिथे बायको भेटली आणि एक इंग्रज मित्र भेटला. मग त्याला स्टेशनवर निरोप देणारी माणसं आठवतात, हरलेल्या शत्रूला जेवायला बोलावून धीर देणारी माणसं आठवतात. यातली प्रत्येक गोष्ट आपण दीड-दोन तासांत डोळ्यांनी पाहिलेली असते. तळं पाहिलंय, स्टेशन पाहिलंय, ते जेवण पाहिलंय. तेव्हा प्रत्येक प्रसंग आपापल्या जागी पुरेसा वाटला होता. आता कळतं की लेखक पेरत होता. भाषणाच्या या भागात एकही नवी माहिती लागत नाही, आठवण आपलीच असते. आमच्या टीममधल्या नव्या मुलामुलींना मी हा सीन आधी नुसता दाखवला. आवडला, पण लांब वाटला. मग सगळा सिनेमा दाखवून दाखवला. तेव्हा खोलीत कुणी मोबाइलला हात लावला नाही, आणि संपल्यावर एकीने फक्त विचारलं, ‘ताई, हे त्याने कधी ठरवलं असेल, आधी की नंतर?’ पटकथा लिहायला बसणाऱ्याने विचारावा असा याहून चांगला प्रश्न मला सुचत नाही.

प्रेसबर्गरची आई हंगेरीतच राहिली होती. ती ऑशविट्झमध्ये मारली गेली. तिला वेळेत बाहेर काढता आलं नाही याचा सल त्याच्या मनातून कधीच गेला नाही. ‘ब्लिम्प’ लिहिताना ती जिवंत होती. ती गेल्यावरही त्याने कडवट सिनेमे लिहिले नाहीत, हे मला फार मोठं वाटतं.

आता तक्रार. डिस्कवर काय काय आहे ते बघा. पॉवेल आणि स्कोर्सेसीची कॉमेंट्री, म्हणजे सिनेमा बघताना सोबत ऐकायचं त्यांचं बोलणं. स्कोर्सेसीची प्रस्तावना. पॉवेलची पत्नी आणि स्कोर्सेसीची संकलक थेल्मा स्कूनमेकर हिची मुलाखत. सिनेमावरचा एक छोटा माहितीपट. चित्रीकरणाचे फोटो. डेव्हिड लोची व्यंगचित्रं. समीक्षक मॉली हॅस्केलचा लेख. यातलं काही टाकाऊ नाही. कॉमेंट्री तर अप्रतिम आहे. म्हातारा पॉवेल थांबत थांबत, रमत गमत बोलतो, आणि सिनेमा बघून वेडा झालेला शिष्य शेजारी बसलाय हे स्कोर्सेसीच्या आवाजातून कळतं. कॉमेंट्री लेझरडिस्कच्या जमान्यातली आहे आणि प्रेसबर्गर ५ फेब्रुवारी १९८८ रोजी गेला, तेव्हा त्याचा आवाज इथे नसणं मी समजू शकते. पण त्याच्यावर एक स्वतंत्र भाग करायला काय हरकत होती? त्याचा नातू केविन मॅकडोनाल्ड स्वतः ऑस्कर मिळवलेला दिग्दर्शक आहे आणि त्याने आजोबांचं चरित्र लिहिलंय, १९९४ मध्ये फेबर या प्रकाशनाने काढलेलं. पटकथेची काही पानं, आधीच्या आणि नंतरच्या खर्ड्यांतला फरक, लेखन कसं पुढे सरकलं, हे दाखवणारी पंधरा मिनिटं हवी होती. निगेटिव्हवरची बुरशी कशी काढली हे इतकं तपशिलात सांगता, मग गोष्ट कशी बांधली तेही सांगा. दोघांनी श्रेय एका ओळीत वाटून घेतलं होतं. त्यांच्यामागून आलेल्यांनी ते पुन्हा दिग्दर्शकाच्या नावे केलं. पॉवेलने स्वतः असं कधी केलं नाही. कॉमेंट्रीतही तो इमेरिकचं नाव मानानेच घेतो.

ही डिस्क आवडली तर पुढे काय, असं कुणी विचारलं तर माझा क्रम असा. लगेच ‘आय नो व्हेअर आयम गोइंग!’ बघा, १९४५ चा. प्रेसबर्गरने ही पटकथा आठवड्याच्या आत लिहून संपवली. पैसेवाल्याशी लग्न करायला निघालेली मुलगी, समोर दिसणारं बेट, आणि वादळामुळे न सुटणारी होडी. एवढ्यावर सिनेमा उभा आहे. मग १९४६ चा ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’, ज्यात पृथ्वी रंगीत आणि परलोक कृष्णधवल. परलोकातल्या खटल्यात इंग्रज नायकाविरुद्धचा वकील ज्युरीत मुद्दाम इंग्रजांनी दुखावलेल्या देशांची माणसं बसवतो. फ्रेंच, बोअर, आयरिश, आणि त्यांत एक हिंदुस्थानीही. आपल्याकडच्या सत्तांतराच्या आदल्या वर्षी लंडनमध्ये राजाराणीसमोर हा सिनेमा दाखवला गेला, ही गोष्ट मला फार आवडते. ‘ब्लॅक नार्सिसस’ दिसायला डोळे दिपवणारा आहे, हिमालय सगळा पाइनवुड स्टुडिओत काचेवर रंगवलेला. पण त्यात जीन सिमन्सला तोंड काळवंडून हिंदी मुलगी केलंय ते खुपतं, आणि खुपायलाच हवं. ‘द रेड शूज’ सगळ्यांना ठाऊक असतो. त्याची पहिली पटकथा प्रेसबर्गरने युद्धाआधी कोर्डासाठी लिहिली होती, मर्ल ओबेरॉन या नटीला डोळ्यांसमोर ठेवून. ही ओबेरॉन आपल्या मुंबईत जन्मलेली, आणि ते आयुष्यभर लपवत आलेली.

१९५७ च्या ‘इल मेट बाय मूनलाइट’नंतर जोडी वेगळी झाली. पुढचं काम फार चाललं नाही. पॉवेलनेच दिग्दर्शित केलेल्या १९६६ च्या एका ऑस्ट्रेलियन विनोदी सिनेमाला प्रेसबर्गरने रिचर्ड इमरी हे टोपणनाव लावलं. १९७२ मध्ये दोघं पुन्हा एकत्र आले ते एका छोट्या मुलांच्या सिनेमासाठी. प्रेसबर्गर इंग्लंडमधल्या सफोकच्या एका खेड्यात राहायचा, स्वयंपाक झकास करायचा, आणि आर्सेनल फुटबॉल क्लबचा कट्टर चाहता होता. मानसन्मान पुष्कळ उशिरा आले, ब्रिटिश फिल्म अकॅडमीची फेलोशिप १९८१ मध्ये.

या पडत्या काळात त्याने दोन कादंबऱ्या लिहिल्या, आणि १९६६ ची ‘द ग्लास पर्ल्स’ मी तुम्हाला आग्रहाने सांगेन. लंडनमध्ये पियानो जुळवून देणारा एक शांत, सज्जन दिसणारा माणूस. तो खरा नाझी डॉक्टर आहे, कैद्यांच्या मेंदूवर प्रयोग करणारा, आणि आपल्याला शोधत कुणीतरी येतंय या भीतीने पोखरलेला. ज्याची आई छळछावणीत मेली त्याने ही गोष्ट खुन्याच्या डोक्यात बसून लिहिली, त्याला आपली स्वतःची संगीताची ओढ दिली, आणि आपल्याला त्या माणसासाठी घाबरायला लावलं. प्रसिद्ध झाली तेव्हा तिच्याकडे कुणी ढुंकूनही बघितलं नाही. फेबरने ती आता पुन्हा काढलीय, कागदी बांधणीत मिळते, आणि रीजन कोडची भानगड नाही. डिस्क यायला वेळ लागणार असेल तर तोवर ही मागवून ठेवा. फक्त थिओचा तो सीन पाहून झाल्यावरच वाचायला घ्या.